फटाक्यानं डोळे अधू केले आणि कुरुंदवाडच्या पोरानं गाणं दरबारातून गल्लीत आणलं

गाण्याच्या क्लासला जाणारं पोर शेजारीपाजारी असेल, तर प्रवेशिका, मध्यमा, विशारद हे शब्द तुमच्या कानावरून गेले असतील. गंधर्वच्या या परीक्षांचं मूळ शोधत गेलं की आपण पोहोचतो कोल्हापूर जिल्ह्यातल्या कुरुंदवाडात.

नरसोबाच्या वाडीजवळचं हे गाव तेव्हा पटवर्धनांचं संस्थान होतं. १८ ऑगस्ट १८७२ ला इथं विष्णू दिगंबर पलुस्करांचा जन्म झाला. वडील कीर्तनकार. लहानपणी चेहऱ्याजवळ फटाका फुटला आणि डोळे कायमचे अधू झाले. शाळा सुटली. उपचारासाठी मिरजेला नेलं, तिथंच बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांकडं गाण्याची तालीम सुरू झाली.

मिरजेच्या राजाचा आश्रय होता, पोटाची चिंता नव्हती. पण एक गोष्ट त्यांना खुपत होती. लोक गाण्याला माना डोलवायचे, गवयाला मात्र मान द्यायचे नाहीत. एका समारंभाला राजाश्रयामुळं विष्णुबुवांना बोलावणं आलं, पण त्यांच्या गुरूंना आलं नाही, असं सांगतात.

१८९६ ला त्यांनी मिरज सोडली. बडोदा, सौराष्ट्र, ग्वाल्हेर असं फिरत, तिकीट लावून जाहीर मैफली करत ते उत्तरेत गेले. राजाच्या मर्जीऐवजी लोकांच्या पैशावर गाणं, ही तेव्हा नवी गोष्ट होती.

५ मे १९०१ ला लाहोरमध्ये त्यांनी गंधर्व महाविद्यालय काढलं. ते चालायचं लोकांच्या देणगीवर आणि बुवांच्या मैफलींच्या कमाईवर. ठरलेला अभ्यासक्रम, परीक्षा, स्वरलिपीत छापलेली पुस्तकं. घराण्यात जन्म न घेताही गाणं शिकता येऊ लागलं.

१९०८ ला मुंबईत शाखा निघाली. पुढं स्वतःची इमारत उभी राहिली, पण कर्ज काढून. ते काही फिटलं नाही आणि इमारतीचा लिलाव झाला. बुवा रामभक्तीकडं वळले, नाशिकला आश्रम काढला. दांडी यात्रेत घुमलेल्या रामधुनीची चाल त्यांचीच मानली जाते.

२१ ऑगस्ट १९३१ ला मिरजेत ते गेले. मुलगा दत्तात्रेय तेव्हा जेमतेम १० वर्षांचा होता.

इमारत गेली, पण माणसं तयार झाली होती. ओंकारनाथ ठाकूर, विनायकराव पटवर्धन, नारायणराव व्यास, बी. आर. देवधर हे सगळे त्यांचे शिष्य. गुरू गेले त्याच वर्षी शिष्यांनी गंधर्व महाविद्यालय मंडळ स्थापन केलं. पटवर्धन आणि व्यासांनी गुरूच्या मुलाला शिकवलं आणि तो डी. व्ही. पलुस्कर म्हणून देशभर गाजला.

आज कुठल्याही गल्लीतलं पोर फी भरून राग शिकतं, परीक्षेला बसतं. त्याची वाट कुरुंदवाडच्या या अधू डोळ्यांच्या माणसानं घालून दिलीय.