विश्लेषण : साम्राज्याची रसद दिल्लीतून हलवणारे व्हाइसरॉय लिनलिथगो कोण होते?

३ सप्टेंबर १९३९ रोजी एकाही भारतीय नेत्याला न विचारता भारत युद्धात उतरल्याचे जाहीर करणारे व्हाइसरॉय, एवढीच लॉर्ड लिनलिथगो यांची ओळख आपल्याकडे उरली आहे. पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये गांधीजींना स्थानबद्ध केले गेले, तेही त्यांच्याच काळात. त्यांचे रसदीचे काम मात्र फारसे कुणाला ठाऊक नाही.

मूळ नाव व्हिक्टर होप. जन्म १८८७, स्कॉटलंडच्या उमराव घराण्यात. भारतीय शेतीवरच्या शाही आयोगाचे ते अध्यक्ष होते. म्हणजे इथला शेतकरी त्यांना अनोळखी नव्हता, हे पुढच्या घटनांसाठी लक्षात ठेवायला हवे. १९३६ मध्ये ते व्हाइसरॉय झाले.

दिल्लीच का?

जून १९४० मध्ये इटली युद्धात उतरला आणि भूमध्य समुद्राचा मार्ग धोक्याचा झाला. ब्रिटनहून ईजिप्तला माल पाठवायचा तर आफ्रिकेला वळसा पडू लागला. त्यावर तोडगा म्हणून सुएझच्या पूर्वेकडील वसाहतींनी आपली गरज आपसात भागवायची ठरले. ऑक्टोबर १९४० मध्ये ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड, दक्षिण आफ्रिका, ब्रह्मदेश, सिलोन, मलाया आदींचे प्रतिनिधी दिल्लीत जमले. त्यातून १९४१ मध्ये ‘ईस्टर्न ग्रुप सप्लाय कौन्सिल’ उभी राहिली. कुठल्या सैन्याला काय हवे, ते कोणाच्या कारखान्यात होऊ शकते, याचा मेळ तिने घालायचा. भारताच्या वाट्याला गणवेश, तंबू, बूट, तागाची पोती, काडतुसे असा प्रचंड माल आला. डिसेंबर १९४१ मध्ये जपान युद्धात आला, मलाया आणि हाँगकाँग पडले आणि ही घडीच विस्कटली.

पैसे कोणी दिले?

खरी मेख इथे आहे. १९३९ च्या करारानुसार भारताबाहेरच्या युद्धाचा बराचसा खर्च ब्रिटनच्या नावावर होता. पण रोख मिळत नव्हती. लंडनमध्ये स्टर्लिंगची येणी जमा होत आणि त्यांच्या आधारावर इथे रिझर्व्ह बँक नोटा छापी. नोटा वाढल्या, बाजारातला माल सैन्याकडे गेला, भाव भडकले. १९४२ मध्ये ब्रह्मदेशचा तांदूळही बंद झाला.

१९४३ मध्ये बंगालमध्ये दुष्काळ पडला. चौकशी आयोगाने सुमारे १५ लाख बळी मोजले. नंतरच्या अनेक अभ्यासकांचा अंदाज ३० लाखांपर्यंत जातो. लिनलिथगो यांनी लंडनकडे धान्य मागितले होते, हे त्यांच्या बाजूने सांगायला हवे. जहाजे मात्र पुरेशी मिळाली नाहीत. तरीही शेतीचा हा जाणकार दुष्काळात एकदाही बंगालला गेला नाही. ऑक्टोबरमध्ये ते मायदेशी परतले. नवे व्हाइसरॉय वेव्हेल आठवड्याभरात कलकत्त्यात पोहोचले आणि धान्यवाटपासाठी त्यांनी लष्कर कामाला लावले.