आपल्या माणसांची चित्रे घेणारे सावेदादा



आपल्या मंडळाच्या वर्धापनदिनाच्या स्मरणिकेत दरवर्षी एखाद्या थोर व्यक्तीचे चरित्र असते. जिजाऊ, अहिल्याबाई, सावित्रीबाई यांच्यावर आपल्यातल्याच मैत्रिणींनी चांगले लिहिले आहे. यंदा ते काम माझ्याकडे आले, तेव्हा मी जरा वेगळे नाव निवडले. मी सातवी शिकलेली गृहिणी. मोठमोठे शब्द मला साधत नाहीत. पण ज्यांची हकिकत सांगणार आहे ती समजायला मोठे शब्द लागतही नाहीत.

दुपारची भांडीकुंडी आटोपली की आपण घटकाभर टीव्हीसमोर बसतो. त्यावर मालिका असतात तसे माहितीपटही असतात. कधी विणकराचा माग दिसतो, कधी ताडोब्याचा वाघ, तर कधी डोंगरातली एखादी शाळा. त्यात नट नाही, नटी नाही, खोटे रडणे नाही. जे आहे ते जसेच्या तसे समोर येते. अशी खरीखुरी हलती चित्रे काढणारा पहिला भारतीय म्हणून ज्यांचे नाव घेतात ते मराठीच होते, हे आपल्यापैकी किती जणींना ठाऊक असेल? त्यांचे नाव हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर. लोक त्यांना सावेदादा म्हणत.

सावेदादांचा जन्म १८६८ साली मुंबईत झाला. फोटो काढणे हा त्यांचा व्यवसाय. त्या काळी फोटो काढणे म्हणजे आजच्यासारखे बोट दाबले आणि झाले, असे नव्हते. काचा, रसायने, अंधारी खोली, असा सगळा खटाटोप असे. हात स्थिर हवा आणि मन त्याहून स्थिर हवे. हा अभ्यास सावेदादांना पुढे फार उपयोगी पडला.

हलत्या चित्रांचा शोध परदेशातला. फ्रान्समधल्या ल्युमिए बंधूंनी २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसमध्ये तिकीट लावून पहिला खेळ केला. त्यानंतर सातच महिन्यांच्या आत, ७ जुलै १८९६ रोजी, तो खेळ मुंबईच्या वॉटसन हॉटेलात झाला. तिकीट एक रुपया. पडद्यावर आगगाडी येताना दिसली, कारखान्यातून कामगार बाहेर पडताना दिसले, समुद्रात आंघोळ करणारी माणसे दिसली. लोक थक्क झाले. काही दिवसांत हे खेळ नॉव्हेल्टी नाटकगृहात सुरू झाले. तिथे चार आण्यांपासून दोन रुपयांपर्यंत तिकिटे होती आणि पडदानशीन स्त्रियांसाठी व त्यांच्या कुटुंबांसाठी वेगळ्या बैठकीही राखलेल्या होत्या. म्हणजे आपल्याकडे सिनेमा आला तो पहिल्या महिन्यापासून बायकांनीही पाहावा अशी सोय घेऊन आला. हे वाचून मला मोठे समाधान वाटले.

मुंबईतला हा खेळ पाहणाऱ्यांत सावेदादा होते. पुष्कळांनी तो पाहिला, वाहवा केली आणि घरी गेले. सावेदादांच्या मनात मात्र वेगळेच आले. आगगाडी परदेशातली, कारखाना परदेशातला, माणसेही परदेशातली. मग आपल्या माणसांची अशी चित्रे का घेऊ नयेत? त्यांनी विलायतेहून रायली कंपनीचा कॅमेरा मागवला. त्याची किंमत २१ गिनी, म्हणजे त्या वेळच्या हिशोबाने सुमारे ३३० रुपये. पाच-दहा रुपये महिन्यावर जेव्हा कितीतरी घरे चालत, तेव्हा एवढी रक्कम एका यंत्रात घालायची, हे धाडसच म्हटले पाहिजे.

यंत्र आले, आता चित्र कशाचे घ्यायचे? राजाचे नाही, गोऱ्या साहेबाचे नाही. त्यांनी घेतली कुस्ती! १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी या दोन मल्लांची कुस्ती लावून सावेदादांनी ती कॅमेऱ्यात पकडली. नागपंचमीच्या दंगली पाहणाऱ्या आपल्या माणसांना कुस्तीचे वेड काय असते हे सांगायला नको. त्याच सुमारास त्यांनी माकडांचा खेळ करणारा माणूस आणि त्याची माकडे यांचेही चित्र घेतले. गल्लीत डमरू वाजला की पोरे धावत सुटतात, तोच हा खेळ. रोजचाच म्हणून ज्याच्याकडे कोणी लक्ष देत नाही, ते चित्र घेण्याजोगे आहे हे त्यांना कळले. त्यांचा मोठेपणा मला इथेच दिसतो.

काम सोपे नव्हते. कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवावा लागे आणि तोही एका लयीत, आपण जाते फिरवतो तसा. हात भरभर चालला की पडद्यावरची माणसे संथ दिसणार, हात रेंगाळला की ती धावत सुटणार. एका रिळात जेमतेम मिनिटभराचे चित्र मावे. शिवाय ती फिल्म धुण्याची सोय इथे नव्हती. ती बोटीने विलायतेला पाठवायची आणि परत येईपर्यंत वाट पाहत बसायचे. चित्र साधले की बिघडले, हे कळायलाच कित्येक आठवडे लागत. मधल्या काळात सावेदादा स्वस्थ बसले नाहीत. त्यांनी चित्रे दाखवण्याचे यंत्रही घेतले आणि मोकळ्या जागेत परदेशी चित्रांचे खेळ सुरू केले. आपली फिल्म धुऊन आली तेव्हा त्याच खेळांत त्यांनी ती दाखवली. आतापर्यंत पडद्यावर परकी माणसे पाहणाऱ्या लोकांना आपले मल्ल दिसले, आपल्या गल्लीतला माकडवाला दिसला.

इथे एक गमतीचा योगायोग सांगते. त्यांच्या चित्रातल्या एका मल्लाचे नाव पुंडलिक आणि त्यांचे स्वतःचे नाव हरिश्चंद्र. पुढे १९१२ साली दादासाहेब तोरणे यांचा ‘पुंडलिक’ आला आणि १९१३ साली दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’. ही दोन्ही नावे आपल्या सिनेमाच्या इतिहासात अगोदरच येऊन बसली होती म्हणायची!

१९०१ साली सावेदादांच्या हातून आणखी एक मोठे काम झाले. कोकणातल्या मुर्डी गावचे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे केंब्रिजला गणितात पहिले येऊन सीनियर रँग्लर झाले होते. हा मान मिळवणारे ते पहिले भारतीय. महर्षी कर्वे यांचे ते जवळचे नातलग. ते विलायतेहून परत आले तेव्हा मुंबईत त्यांचे स्वागत झाले आणि सावेदादांनी त्याचे चित्र घेतले. आपल्या देशातला पहिला बातमीपट तो हाच, असे म्हणतात. आज बातम्यांमध्ये कोणाचे स्वागत, कोणाचा सत्कार आपण रोज पाहतो. त्याची सुरुवात एका हुशार विद्यार्थ्याच्या सत्काराने झाली, ही अभिमानाची गोष्ट आहे. आणि नवल असे की, याच रँग्लर परांजप्यांची नात सई परांजपे पुढे दिल्लीच्या दूरदर्शनमध्ये काम करू लागल्या. त्यांनी माहितीपट केले, ‘स्पर्श’सारखे चित्रपट काढले. आजोबा कॅमेऱ्यासमोर आणि नात कॅमेऱ्यामागे!

१९०३ साली लॉर्ड कर्झनने दिल्लीत मोठा दरबार भरवला, त्याचीही चित्रे सावेदादांनी घेतली. पुढे १९०७ च्या सुमारास त्यांनी चित्रे घेणे सोडले आणि मुंबईच्या गेटी नाटकगृहाची व्यवस्था पाहिली. बोरीबंदरासमोरचे कॅपिटॉल ते हेच. त्या धंद्यात त्यांना चांगले यश मिळाले. जवळजवळ नव्वद वर्षांचे आयुष्य लाभून १९५८ साली त्यांचे निधन झाले. त्यांच्या डोळ्यांसमोर मूकपट आले, बोलपट आले, रंगीत चित्रपटही आले. १९४८ साली सरकारने माहितीपटांसाठी फिल्म्स डिव्हिजन काढले, तेही त्यांच्या हयातीत. टेलिव्हिजन मात्र त्यांच्या मागे एका वर्षाने, १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत सुरू झाले. आपल्या घराघरांत खरी चित्रे पोचवणारे यंत्र पाहायला ते राहिले नाहीत.

आता मन खट्टू करणारी गोष्ट सांगते. सावेदादांची ती चित्रे आज आपल्याला पाहायला मिळत नाहीत. त्या काळची फिल्म चटकन पेट घेणारी आणि जपली नाही तर विरून जाणारी असे. जुने चित्रपट सांभाळणारे राष्ट्रीय संग्रहालय पुण्यात निघाले ते १९६४ साली, सावेदादांच्या मागे सहा वर्षांनी. पुंडलिक आणि कृष्णाची ती कुस्ती गेली, तो माकडवाला गेला, परांजप्यांचे स्वागतही गेले. उरली ती नुसती नावे आणि वर्षे. एवढ्या कष्टाने, पदरचे पैसे घालून टिपलेले पुढच्यांनी जपले नाही, म्हणून फाळक्यांचे नाव घरोघरी झाले आणि सावेदादांचे पुसट होत गेले.

म्हणून मला आपल्या मंडळापुढे एक गोष्ट मांडायची आहे. आपले हुडकेश्वर पूर्वी शेतांचे गाव होते. आता जिकडे पाहावे तिकडे लेआउट पडले आहेत. ती शेते, बांधावरून जाणाऱ्या त्या वाटा आता फक्त आपल्या म्हाताऱ्या आजीबाईंच्या तोंडी उरल्या आहेत. भुलाबाईची गाणी पाठ असलेल्या, हातावर सरगुंडे वळणाऱ्या किती जणी आता आहेत? सावेदादांना एका मिनिटाच्या चित्रासाठी ३३० रुपयांचे यंत्र आणि बोटीचा प्रवास लागला. आपल्या तर प्रत्येकीच्या हातात मोबाईल आहे. हळदीकुंकवात साड्यांचे फोटो आपण भरपूर काढतो. त्यासोबत या आजीबाईंची गाणी, त्यांचे हात, त्यांच्या आठवणीही टिपून घेऊ या. नाव, गाव, तारीख वहीत लिहू या आणि एक प्रत एकीच्या घरी, दुसरी प्रत दुसरीच्या घरी जपून ठेवू या. टिपणे हे अर्धे काम झाले. जपणे हे उरलेले अर्धे, आणि ते तर आपण बायका पिढ्यान्‌पिढ्या करतच आलो आहोत.