देहू उभं करणारे साहेबमामा

‘संत तुकाराम’ म्हटलं की विष्णुपंत पागनीसांचा चेहरा डोळ्यांपुढे येतो. पण त्या बोलपटातलं देहू, तुकोबांचं साधं घर, जिजाईची चूल हे सगळं ज्यांच्या नजरेतून उतरलं, त्यांचं नाव पडद्यावरून झरकन निघून जातं. ते नाव शेख फत्तेलाल. सोबतचे लोक त्यांना साहेबमामा म्हणत.

आंबा घाट चढून कोल्हापूर मागे टाकलं की कागल लागतं. तिथे १८८६ साली त्यांचा जन्म झाला. आनंदराव पेंटरांच्या हाताखाली ते चित्रकला शिकले, पुढे बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत रमले. मूकपटांचा तो काळ. ज्याला कुंचला धरता येई त्यालाच सुतारांवर देखरेख करावी लागे, वेळ पडली तर कॅमेराही फिरवावा लागे. तिथेच विष्णुपंत दामल्यांशी त्यांची जोडी जमली. दामले आपल्या कोकणातले, पेणचे.

१ जून १९२९ रोजी दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी या पाच जणांनी कोल्हापुरात ‘प्रभात’ काढली. १९३३ मध्ये कंपनी पुण्याला गेली. नेपथ्याची बाजू साहेबमामांकडे. काम सोपं नव्हे. कॅमेऱ्यासमोर येणारी प्रत्येक भिंत, खांब, दागिना, पागोटं आधी कागदावर काढायचं, मग कारागिरांकडून करून घ्यायचं. आणि ते चांगलं जमलं तर प्रेक्षकाला त्याचा पत्ताच लागत नाही!

‘अमृतमंथन’मध्ये त्यांनी भव्य देवालयं उभारली. १९३६ च्या ‘संत तुकाराम’मध्ये मात्र त्यांनी हात आवरला, आणि मला तेच त्यांचं मोठेपण वाटतं. दिग्दर्शनही या वेळी दामले-फत्तेलाल यांचंच होतं. पोराच्या दुखण्याने हैराण झालेली जिजाई पायातली वहाण उगारून विठोबाला जाब विचारते. भोवतालचं घर-गाव खोटं दिसलं असतं, तर त्या बाईवर कुणी विश्वास ठेवला असता का? घर खरं वाटतं म्हणून शेवटी तुकोबांचं वैकुंठाला जाणंही पटतं. मुंबईच्या सेंट्रल सिनेमात हा बोलपट ५७ आठवडे चालला. १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवातही त्याचा गौरव झाला.

पाठोपाठ ‘गोपाळकृष्ण’, ‘संत ज्ञानेश्वर’, ‘संत सखू’ आले. दिग्दर्शकांत फत्तेलालांचं नाव कायम. मधल्या काळात शांतारामांच्या ‘कुंकू’, ‘माणूस’, ‘शेजारी’ यांचं नेपथ्यही त्यांचंच. ‘शेजारी’ १९४१ चा. एका गावातले जिवा पाटील आणि मिर्झा हे दोन जिवलग म्हातारे, त्यांच्यात पाडलेली फूट आणि अखेर फुटणारं धरण. ते धरण फुटताना आजही छातीत धस्स होतं. तो देखावा उभा करणारा माणूस अर्थातच पडद्यामागे.

मग घडी विस्कटली. शांताराम बाहेर पडले. १९४५ मध्ये दामले गेले आणि जोडी मोडली. पुढे ‘प्रभात’ही बंद पडली. साहेबमामांनी मात्र सत्तरीच्या उंबरठ्यावर आणखी एक चित्रपट दिग्दर्शित केला. १९५५ च्या त्या चित्रपटाचा विषय होता आद्य शंकराचार्य.

१९६० मध्ये ‘प्रभात’च्या आवारात सरकारची फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. १९६४ मध्ये साहेबमामा गेले. त्यांनी जिथे देहू उभं केलं होतं, तिथे तोवर नवी पोरं सिनेमाचे धडे गिरवू लागली होती.