कोर्टाने स्वतःचा दावा फेटाळला, तरी या माळ्यामुळे ऑस्ट्रेलियाचा जमीन कायदा बदलला

१९७० चं दशक. ऑस्ट्रेलियातल्या टाऊन्सविलमध्ये, जेम्स कुक विद्यापीठात एडी कोइकी माबो नावाचे माळी होते. हेन्री रेनॉल्ड्स आणि नोएल लूस या इतिहासाच्या प्राध्यापकांशी त्यांच्या जेवणाच्या सुट्टीत गप्पा चालायच्या. विषय बहुतेक वेळा एकच, गावाकडची जमीन.

एक दिवस त्या दोघांनी जड मनाने त्यांना खरं काय ते सांगितलं. कायद्याने ती जमीन माबोंची नव्हतीच, ती सरकारची होती. माबोंना आधी हे पटेचना.

पटणार तरी कसं? त्यांचं गाव म्हणजे ऑस्ट्रेलिया आणि पापुआ न्यू गिनी यांच्या मधल्या टोरेस सामुद्रधुनीतलं मेर हे छोटंसं बेट. २९ जून १९३६ ला त्यांचा जन्म तिथलाच. जन्मानंतर थोड्याच दिवसांत आई गेली आणि मामा बेनी माबो यांनी त्यांना वाढवलं. बेटावर सातबारा नव्हता, पण झाडं आणि दगडांच्या खुणांनी प्रत्येक घराण्याचे बांध ठरलेले होते. दुसऱ्याच्या बांधात पाय टाकायचा नाही, हा तिथला जुना नियम.

इंग्रजांचा कायदा मात्र वेगळं सांगत होता. गोरे येण्याआधी या भूमीला मालकच नव्हता, असं धरून तो चालायचा. १८७९ मध्ये मेर बेट क्वीन्सलंडला जोडलं गेलं आणि सगळी जमीन सरकारच्या नावावर धरली गेली. म्हणजे पिढ्यानपिढ्या कसणारी माणसं कागदावर आपल्याच घरात उपरी.

माबोंना तर वडिलांच्या, म्हणजे बेनींच्या, शेवटच्या आजारपणातही बेटावर जाण्याची परवानगी मिळाली नव्हती.

२० मे १९८२ ला माबो आणि आणखी चार जणांनी ऑस्ट्रेलियाच्या हायकोर्टात दावा लावला. तिथलं हायकोर्ट म्हणजे आपल्या सुप्रीम कोर्टासारखं, देशातलं सर्वोच्च न्यायालय. क्वीन्सलंड सरकारने १९८५ मध्ये थेट नवा कायदाच केला. बेटावर लोकांचे काही हक्क असलेच, तर ते १८७९ पासूनच संपले आणि भरपाईही नाही, असा तो कायदा. खटला सुरू असताना निकालच खिशात घालण्याचा हा प्रकार होता. १९८८ मध्ये हायकोर्टाने तो वंशभेदविरोधी कायद्याच्या आधारे ४ विरुद्ध ३ मतांनी उडवला.

खरा धक्का त्यानंतर बसला. पुरावे तपासण्याचं काम क्वीन्सलंडच्या न्यायमूर्तींकडे होतं आणि त्यासाठी कोर्ट मेर बेटावरही भरलं. १९९० मध्ये निष्कर्ष आले. डेव्हिड पासी आणि जेम्स राईस यांचे काही दावे मान्य झाले. माबोंचे मात्र नाही. बेनींनी त्यांना रीतीप्रमाणे दत्तक घेतलं होतं, हेच कोर्टाला पटलं नाही. ज्याच्या नावाने खटला ओळखला जातो, त्याचाच वारसा कोर्टाने नाकारला.

तरीही बेटाच्या हक्काची मूळ लढाई हायकोर्टात पुढे चालली. तिचा निकाल ऐकायला माबो नव्हते. २१ जानेवारी १९९२ ला कॅन्सरने ते गेले, वय अवघं ५५. ३ जून १९९२ ला ६ विरुद्ध १ असा निकाल आला. ऑस्ट्रेलिया ही कुणाचीच भूमी नव्हती हे गृहीतक चुकीचं होतं, आणि मेर बेटाच्या जमिनीवर तिथल्या मेरियम लोकांचाच हक्क आहे, असं कोर्टाने सांगितलं. १९९३ मध्ये त्यावरून देशभरासाठी मूळनिवासींच्या जमीनहक्काचा कायदा झाला. पण म्हणून सगळ्यांना जमिनी आपोआप परत मिळाल्या नाहीत. सरकारने ज्या जमिनींची मालकी आधीच दुसऱ्यांना दिली होती, त्यांवरचा हक्क गेलाच. उरलेल्यांसाठी पुरावे घेऊन भांडावं लागतंच.

३ जून १९९५ ला टाऊन्सविलमध्ये माबोंच्या कबरीवरच्या दगडाचं अनावरण झालं. त्याच रात्री कुणीतरी त्यावर नाझी स्वस्तिक रंगवून विटंबना केली. मग कुटुंबाने त्यांचा देह मेर बेटावर नेला. तिथे राजाच्या दफनाचा विधी करून त्यांना निरोप दिला गेला. तो विधी बेटाने ८० वर्षांत पाहिला नव्हता.