डॉक्टर रखमाबाई व बालविवाहाचा खटला

अब्राहामाचा सेवक इसहाकासाठी वधू पाहावयास गेला, तेव्हा घरच्या वडीलधाऱ्यांचा रुकार मिळाल्यावरही रिबकेस जवळ बोलावून तिची इच्छा विचारण्यात आली, हे शास्त्र वाचणाऱ्या सर्वांस ठाऊक आहे. जिला असे कोणी विचारले नाही, व जिने पुढे त्याविषयी सरकारदरबारी न्याय मागितला, अशा एका मराठी बाईंचे चरित्र आज वाचकांपुढे ठेवीत आहो.

रखमाबाईंचा जन्म 22 नोव्हेंबर 1864 रोजी मुंबईत झाला. त्या अगदी लहान असतानाच त्यांचे वडील वारले. आई जयंतीबाई ह्यांनी पुढे डॉ. सखाराम अर्जुन ह्या विद्वान गृहस्थांशी पुनर्विवाह केला. त्यांच्या सुतार जातीत विधवेस तशी मोकळीक होती. रखमाबाई 11 वर्षांच्या असता त्यांचे लग्न दादाजी भिकाजी नावाच्या 19 वर्षांच्या तरुणाशी लावण्यात आले. परंतु कोवळ्या मुलीवर संसार लादणे हे डॉक्टर सखाराम ह्यांस पटणारे नव्हते. त्यामुळे रखमाबाई माहेरीच राहिल्या. त्यांनी मिशनच्या पुस्तकालयातून पुस्तके आणवून घरीच अभ्यास चालविला. दादाजी आपल्या मामाच्या घरी राहत असत, व त्यांचे शिक्षण मात्र पुढे गेले नाही.

इ. स. 1884 त दादाजींनी मुंबईच्या हायकोर्टात फिर्याद केली, की बायकोने नांदावयास यावे असा हुकूम व्हावा. रखमाबाईंचे म्हणणे असे, की अजाण वयात, माझी संमती न घेता लावलेल्या लग्नाने मला बांधू नये. 21 सप्टेंबर 1885 रोजी न्यायमूर्ती पिन्हे ह्यांनी त्यांच्या बाजूने निकाल दिला. असहाय बालपणी जिचे लग्न लागले, तिला बळाने नवऱ्याच्या घरी धाडणे त्यांस न्यायाचे वाटले नाही. त्याच वर्षी रखमाबाईंनी टोपण नावाने एका इंग्रजी वर्तमानपत्रात पत्रे लिहून बालविवाहाने मुलींची विद्या व प्रकृती कशी नासते, हे लोकांस कळविले.

ह्यावर देशात मोठी खळबळ उडाली. टिळकांच्या पत्रांनी निकालावर टीका केली. उलट पंडिता रमाबाई ह्यांनी 1887 त अमेरिकेत छापलेल्या आपल्या पुस्तकात रखमाबाईंच्या दुःखाची हकीकत दिली. दरम्यान 1886 त अपिलात पहिला निकाल फिरला, व 4 मार्च 1887 रोजी न्यायमूर्ती फॅरन ह्यांनी हुकूम केला, की रखमाबाईंनी नवऱ्याकडे जावे, न गेल्यास 6 महिन्यांपर्यंत कैद भोगावी. त्या 22 वर्षांच्या बाईने तुरुंग पत्करण्याची तयारी दाखविली, पण हुकूम मानला नाही. शेवटी 1888 त 2,000 रुपये घेऊन दादाजींनी तडजोड केली, व कैद टळली.

पुढे मुंबईच्या डॉक्टरीणबाई एडिथ पीची ह्यांच्या साहाय्याने रखमाबाई 1889 त विलायतेस गेल्या, आणि 1894 पर्यंत वैद्यकीचे शिक्षण पुरे करून परतल्या. सुरत व राजकोट येथील स्त्रियांच्या इस्पितळांत त्यांनी सुमारे 35 वर्षे सेवा केली. त्यांनी दुसरे लग्न केले नाही. 25 सप्टेंबर 1955 रोजी, वयाच्या 91 व्या वर्षी, त्यांचे देहावसान झाले. त्या आपल्या मंडळीत आल्या नाहीत. तथापि दुर्बळाच्या न्यायासाठी दुःख सोसणे म्हणजे काय, हे त्यांच्याकडून आपण शिकावे.

त्या खटल्याच्या वादानंतर 1891 त संमतिवयाचा कायदा होऊन मुलीचे वय 10 वरून 12 करण्यात आले. 1929 च्या कायद्याने मुलीच्या लग्नास 14 वर्षांची मर्यादा घातली. परंतु तो ब्रिटिश मुलखापुरता होता, आणि आपले औरंगाबाद, आताचे छत्रपती संभाजीनगर, तेव्हा निजामाच्या राज्यात होते. 1978 पासून मुलीस 18 व मुलास 21 ही मर्यादा आहे. 2006 च्या कायद्याने तर रखमाबाईंचे मागणेच पुरे केले : ज्याचे लग्न अजाणपणी लागले, त्यास सज्ञान झाल्यापासून 2 वर्षांच्या आत ते कोर्टाकडून रद्द करून घेता येते.

असे असूनही मराठवाड्यात ऊसतोडीस जाण्यापूर्वी मुलीचे हात पिवळे करून मोकळे होणारी कुटुंबे आहेत, आणि ह्यात ख्रिस्ती म्हणविणारी घरे नाहीतच, असे म्हणण्याचे धाडस आपणांस होणार नाही. कारणे खरी आहेत : दारिद्र्य आहे, मागे मुलीस कोणाच्या स्वाधीन करावे ही धास्ती आहे. परंतु आईबापांची धास्ती हे मुलीचे आयुष्य गहाण टाकण्याचे कारण होऊ शकत नाही. मंडळीने अशा मुलीस आसरा द्यावा, तिची शाळा चालू ठेवावी. मग आईबापांस उपदेश करण्याचा अधिकार आपणांस येईल.

उपदेशक बंधूंनो, लग्नाची सूचना मंडळीत वाचण्यापूर्वी दोघांचे जन्मदाखले पाहा. बालविवाह लावणाऱ्यास 2 वर्षांपर्यंत सक्तमजुरी व 1 लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो, आणि पाळक म्हणून त्यातून कोणास सूट नाही. गावात असे लग्न ठरल्याचे कळल्यास ग्रामसेवकास कळवा, अथवा 1098 ह्या क्रमांकावर फोन करा. आणि दाखले पुरे असले तरी वधूस एकांतात विचारा, की हे तुझ्या मनाने आहे काय? प्रभूने बालकास शिष्यांच्या मध्ये उभे केले होते. आपण त्यास बोलावयासही जागा द्यावी.