खाष्ट सासूमागची ललिता पवार

हिंदी चित्रपटातील खाष्ट सासू म्हटले की ललिता पवार यांचाच चेहरा डोळ्यांपुढे उभा राहतो. मात्र त्यांची कारकीर्द नायिका म्हणून सुरू झाली होती, याचा आता बहुतेकांना विसर पडला आहे.

१८ एप्रिल १९१६ रोजी येवल्यात जन्मलेल्या अंबिका सगुण मूकपटांच्या जमान्यात, बालवयातच पडद्यावर आल्या. बोलपटांच्या काळात त्या नायिका झाल्या, गायल्याही. टॉल्स्टॉय यांच्या 'रिझरेक्शन'वर आधारित 'दुनिया क्या है'ची निर्मिती त्यांनीच केली. १९४२ मध्ये 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात मास्टर भगवान यांनी प्रसंगानुसार लगावलेली थप्पड भलतीच जोरात बसली. चेहऱ्याची डावी बाजू लुळी पडली आणि डावा डोळा कायमचा अधू झाला. नायिकेचे सौंदर्य हेच जिचे भांडवल मानले जाई, तिच्यासाठी हा घाव व्यवसायाच्या मुळावर येणारा होता.

त्यांनी वाट बदलली. 'प्रभात'च्या 'रामशास्त्री'त (१९४४) त्यांना आनंदीबाईंची भूमिका मिळाली. 'ध'चा 'मा' करणारी ही पेशवीण मराठी प्रेक्षकाला परकी नव्हती. पुढे 'दहेज'सारख्या चित्रपटांतून त्यांची सासू घराघरांत पोहोचली. बाबूभाई मिस्त्री यांच्या 'संपूर्ण रामायण'मध्ये (१९६१) त्या मंथरा झाल्या. त्यानंतर पाव शतकाने, १९८७ मध्ये, दूरदर्शनच्या 'रामायण' मालिकेतही मंथरा त्यांच्याच वाट्याला आली.

या यशाचे श्रेय अनेकदा त्या बारीक झालेल्या डोळ्याला दिले जाते. ते अर्धेच खरे आहे. कारण त्याच डोळ्याने 'श्री ४२०'मधील (१९५५) केळेवाली साकारली, ती मायाळू होती. हृषीकेश मुखर्जी यांच्या 'अनाडी'त (१९५९) त्यांनी रंगविलेली मिसेस डिसा तर तोंडाने फटकळ, पण भाडेकरू राज कपूरवर पोटच्या पोरासारखी माया करणारी. नायक ज्याच्याकडे नोकरी करतो, त्याच मालकाच्या कंपनीचे घातक औषध घेऊन ती दगावते आणि चित्रपटाचा सगळा भार त्या मृत्यूवर येतो. या भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. मुखर्जींना ही व्यक्तिरेखा इतकी भावली असावी, की 'आनंद'मधील (१९७१) ललिताबाईंच्या मेट्रनलाही त्यांनी डिसा हेच नाव दिले. त्यापूर्वी 'मेम दीदी'त (१९६१) तर शीर्षक भूमिकाच त्यांची होती. चरित्र अभिनेत्रीच्या नशिबी असा योग क्वचितच येतो.

'प्रोफेसर'मधील (१९६२) करारी आत्याबाई म्हाताऱ्या प्राध्यापकाचे सोंग घेतलेल्या शम्मी कपूरवर भाळते. तिचे ते लाजणे हास्यास्पद होण्याचा धोका होता. ललिताबाईंनी त्यात एकाकीपणाची छटा मिसळली आणि प्रेक्षक हसता हसता वरमला.

संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार त्यांना १९६१ मध्ये मिळाला. उत्तरायुष्यात त्या पुण्यात राहत होत्या. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी औंध येथे त्यांचे निधन झाले.