आरमारांच्या सावलीतला पक्षीमित्र

जून १९१०. अमेरिकेचे माजी अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट इंग्लंडला आले होते आणि त्यांना तिथल्या पक्ष्यांचे आवाज ऐकायचे होते. सोबतीला वाटाड्या मिळाला तो खुद्द ब्रिटनचा परराष्ट्रमंत्री! इचेन नदीचा काठ आणि न्यू फॉरेस्टचे रान दोघांनी पायी पालथे घातले. कोणता आवाज कोणाचा, हे सर एडवर्ड ग्रे पाहुण्याला सांगत होते. त्याच सुमारास इंग्लंडच्या आणि जर्मनीच्या गोद्यांमध्ये अजस्र युद्धनौका आकार घेत होत्या.

ग्रे यांचा जन्म २५ एप्रिल १८६२ चा. लहानपणीच वडील गेले, आजोबांनी वाढवले. अभ्यासातल्या हयगयीबद्दल १८८४ मध्ये ऑक्सफर्डने त्यांना घरी पाठवले. त्याच विद्यापीठाने १९२८ मध्ये त्यांना कुलपती केले. तेविसाव्या वर्षी ते खासदार झाले, डिसेंबर १९०५ मध्ये परराष्ट्रमंत्री. जीव मात्र रमायचा तो नदीकाठच्या छोट्या घरात, हातात गळ घेऊन.

४ फेब्रुवारी १९०६ ला पत्नी डोरोथी घोडागाडीच्या अपघातात दगावल्या. सहाच दिवसांनी, १० फेब्रुवारीला, पोर्ट्समथला 'ड्रेडनॉट' ही युद्धनौका पाण्यात उतरली. बारा इंची तोफा, त्याही दहा! या एका नौकेने जगातल्या साऱ्या जुन्या युद्धनौका मोडीत काढल्या. त्यात ब्रिटनच्या स्वतःच्याही आल्या. स्पर्धेची पाटी कोरी झाली आणि जर्मनीही तसल्याच नौका बांधू लागला.

ग्रे यांच्या दृष्टीने हिशेब सरळ होता. ब्रिटन हे बेट. धान्य समुद्रावरून येणार. आरमार नसेल तर उपासमार. पण बर्लिनमधून तेच आरमार कसे दिसत असेल? आपला व्यापार कोणत्याही सकाळी बंद पाडू शकणारे! १९०९ मध्ये लंडनमध्ये घबराट पसरली की जर्मनी गुपचूप बांधणी वाढवतो आहे. मंत्रिमंडळातले काटकसरवाले ४ नौकांवर भागवू पाहत होते, आरमार खाते ६ मागत होते. अखेर ठरल्या ८. जर्मनीबद्दलची ती भीती पुढे अवाजवी ठरली, नौका मात्र बांधून झाल्या.

बँकेत उमेदीची वर्षे काढलेल्या माझ्यासारख्याला हे ओळखीचे वाटते. बँक बुडणार अशी आवई उठते. शहाणा ठेवीदार आपले पैसे काढून घेतो. त्याला पाहून दुसरा रांगेत उभा राहतो, मग तिसरा. यात कोणीही मूर्ख नसतो, लबाड नसतो. तरी संध्याकाळपर्यंत धडधाकट बँकही धोक्यात येते. देशांच्या अशाच अवस्थेला जॉन हर्झ या जर्मनीत जन्मलेल्या अभ्यासकाने १९५० मध्ये नाव दिले: सुरक्षेचा पेच. माझ्या रक्षणाची तयारी शेजाऱ्याला हल्ल्याची तयारी वाटते. तो तयारी वाढवतो, आणि माझी भीती खरी ठरते.

अर्थात जर्मनी भाबडा नव्हता. ॲडमिरल टिरपिट्झ यांचे आरमार मुळात इंग्लंडवर दबाव आणण्यासाठीच उभे राहिले होते. म्हणून तर हा पेच सुटायला इतका कठीण. समोरच्याचे मन वाचता येत नाही, आणि चुकलो तर किंमत देशाने मोजायची. ग्रे यांनीही संशयाला खतपाणी घातलेच. १९०६ मध्ये फ्रान्सशी लष्करी बोलणी सुरू करायला त्यांनी परवानगी दिली. बहुतेक सहकारी मंत्र्यांना ती कळली १९११ मध्ये. १९०७ मध्ये रशियाशी करार झाला. ब्रिटनला त्यातून निर्धास्त वाटले, जर्मनीला घेरल्यासारखे. १९१२ मध्ये लॉर्ड हॉल्डेन बर्लिनला जाऊन आले, पण आरमार कमी करण्याच्या बदल्यात जर्मनीला ब्रिटनच्या तटस्थतेचे वचन हवे होते. बोलणी फिसकटली.

तरी बाल्कन युद्धांच्या वेळी, १९१२-१३ मध्ये, लंडनला राजदूतांची परिषद भरवून ग्रे यांनी बड्या देशांमधली ठिणगी विझवली होती. जुलै १९१४ मध्ये त्यांनी तोच उपाय पुन्हा सुचवला. जर्मनीने नकार दिला. रशियाने सैन्य गोळा करायला घेतले. आपण मागे राहू या धास्तीने जर्मनीने हालचाल केली आणि बेल्जियममध्ये फौजा घुसवल्या. ४ ऑगस्टला ब्रिटन युद्धात उतरला. त्या युद्धाची झळ आपल्याही उंबरठ्यापर्यंत आली. सहाव्या पुणे डिव्हिजनमधले मराठा जवान मेसोपोटेमियात कुत येथे वेढ्यात अडकले आणि एप्रिल १९१६ मध्ये भुकेने जेरीस येऊन त्यांना शरण जावे लागले. या युद्धात ७४ हजारांवर भारतीय सैनिक कामी आले.

डिसेंबर १९१६ मध्ये ग्रे यांनी मंत्रिपद सोडले. सलग अकरा वर्षांचा तो कार्यकाळ. दृष्टी जवळजवळ गेलेली. १९१७ मध्ये फॅलोडनचे वडिलोपार्जित घर जळाले, १९२३ मध्ये नदीकाठचेही. १९२५ च्या आठवणींत त्यांनी युद्धाचे मूळ शस्त्रांच्या वाढीत आणि तिने जन्माला घातलेल्या भीतीत शोधले. राष्ट्रसंघासाठी ते अखेरपर्यंत बोलत राहिले. कोणी त्यांना भला माणूस म्हणतात, कोणी म्हणतात त्यांनी वेळीच स्पष्ट बोलायला हवे होते. दोन्ही खरे असू शकते.

७ सप्टेंबर १९३३ ला ते गेले. शेवटच्या वर्षांत फॅलोडनच्या तळ्यावरची बदके त्यांच्या हातून दाणे खायला येत. रॉबिन पक्ष्याला तळहातावर यायला कसे शिकवायचे, हे त्यांनी १९२७ च्या आपल्या पुस्तकात सविस्तर लिहिले आहे. रोज थोडे जवळ जायचे आणि हात जराही हलवायचा नाही. परराष्ट्र खात्यात इतकी सवड त्यांना मिळाली नाही.